तिरप्या भोकांचं कोडं

मुलांनो, तुमच्या घराजवळ एखादी इमारत उभी राहत असेल, तर आज शाळेतून येताना पाच मिनिटं तिथं थांबा. (रस्त्याच्या कडेला, बरं का!) गवंडी उंचावर भिंत बांधतोय. तो उभा कशावर आहे? परांचीवर. जमिनीत वासे उभे रोवलेत, त्यांना आडवे वासे बांधलेत आणि त्या आडव्या वाशांची दुसरी टोकं भिंतीत खोचलीत. वर फळ्या टाकल्या, की झाली उभं राहायची सोय. भिंत पुरी झाली, की वासे निघतात आणि मागं उरतात भोकं. आपण ती लिंपून टाकतो. पण युरोपातल्या सातशे वर्षांपूर्वीच्या अनेक किल्ल्यांवर ती आजही तशीच दिसतात.

तुम्ही म्हणाल, "भोकांत काय पाहायचं?" थांबा! अशीच काही भोकं, हिशेबाचे जुने कागद आणि एका लहानशा गावाचं नाव, एवढ्या शिदोरीवर एका माणसानं सातशे वर्षांपूर्वीच्या एका गवंड्याचा ठावठिकाणा शोधून काढला. शोधणाऱ्याचं नाव अरनॉल्ड टेलर. आणि ज्याला शोधलं तो होता मास्टर जेम्स, वेल्समधल्या प्रचंड किल्ल्यांचा मुख्य कारागीर.

मास्तर झाले किल्ल्यांचे राखणदार

टेलर यांचा जन्म १९११ सालचा, लंडनचा. ऑक्सफर्डला त्यांनी इतिहासाचा अभ्यास केला. मग थोडे दिवस ते एका शाळेत शिकवत होते, म्हणजे आमच्याच पेशातले! पण १९३५ मध्ये ते सरकारच्या प्राचीन वास्तू सांभाळणाऱ्या खात्यात लागले. मध्ये दुसरं महायुद्ध आलं. टेलर हवाई दलात गेले. युद्ध संपल्यावर १९४६ मध्ये त्यांच्याकडे वेल्समधल्या प्राचीन वास्तूंच्या निरीक्षकाचं काम आलं.

पुरातत्त्वज्ञ म्हटलं, की आपल्या डोळ्यांपुढं काय येतं? कुदळ, फावडं, खणलेला खड्डा आणि त्यातून निघणारा सोन्याचा हंडा! खरं काम निराळंच असतं. कुठल्या बुरुजात पाणी मुरतंय, कुठल्या वेलीची मुळं दगडांच्या सांध्यात शिरलीत, कुठला दगड उद्या खाली येईल, हे निरीक्षकानं पाहायचं. दुरुस्ती करायची, पण जुनं नवं करून टाकायचं नाही. पडलेली भिंत पुन्हा बांधून "पाहा कसा झकास किल्ला!" असं म्हणायचं नाही. जे उरलंय ते जसंच्या तसं टिकवायचं. आता असं काम करायचं तर भिंतीचा एकेक हात जवळून पाहावा लागतो. टेलर यांनी तसं पाहिलं. आणि पाहता पाहता त्यांना प्रश्न पडू लागले.

राजाचे किल्ले, पण कुणाच्या जमिनीवर?

ते प्रश्न कळायला आधी थोडा इतिहास हवा. वेल्स हा ब्रिटन बेटाच्या पश्चिमेचा डोंगराळ मुलूख. लोकांची भाषा वेल्श, इंग्रजीहून अगदी वेगळी. तेराव्या शतकात तिथं स्वतःचे राजपुत्र होते आणि डोंगरांत त्यांचे स्वतःचे किल्ले होते. इंग्लंडचा राजा पहिला एडवर्ड १२७७ मध्ये मोठं सैन्य घेऊन वेल्सवर चालून गेला. १२८२ मध्ये पुन्हा युद्ध पेटलं. त्या वर्षी ११ डिसेंबरला वेल्सचा राजपुत्र लिवेलिन मारला गेला आणि वेल्सचं स्वातंत्र्य संपलं.

जिंकलेला मुलूख ताब्यात कसा ठेवायचा? एडवर्डनं उत्तर दिलं दगडांत. फ्लिंट, रुडलन, अॅबरिस्टविथ, बिल्थ हे किल्ले १२७७ नंतरचे. १२८३ मध्ये एकदम तीन प्रचंड किल्ल्यांची कामं निघाली: कॉन्वी, कायर्नार्वन आणि हारलेख. वेल्श लोकांनी १२९४ मध्ये बंड केलं. ते मोडल्यावर १२९५ मध्ये अँगलसी बेटावर ब्यूमॅरिसचा पाया पडला.

कॉन्वीला आठ बुरुजांचा किल्ला तर आहेच, पण सगळ्या गावाभोवती १.३ किलोमीटरची तटबंदी आहे, तिला २१ बुरूज आणि तीन दरवाजे आहेत. या तटाच्या एका भागात भिंतीबाहेर आलेले बारा शौचकूप ओळीनं आहेत! हसू नका. तटाच्या आत राहणाऱ्या लोकांची सोय नको का बघायला? पण ते लोक कोण होते? इंग्लंडहून आणून वसवलेले. ज्यांची जमीन होती त्या वेल्श लोकांना तटाच्या आतल्या गावांत ते हक्क नव्हते. मूळच्या जागेवर ख्रिस्ती साधूंचा मठ होता, तोही एडवर्डनं दुसरीकडे हलवला.

म्हणून आजही पुष्कळ वेल्श लोकांना हे किल्ले पाहताना दोन गोष्टी एकदम वाटतात. केवढं अप्रतिम बांधकाम! आणि आपल्याला गुलाम करण्यासाठीच ना ते बांधलं?

साडेतीन दिवसांचं कोडं नव्हे

राजाचं नाव सगळ्यांना ठाऊक होतं. पण राजा काही हातात करणी घेऊन भिंत बांधत नाही. मग बांधलं कुणी?

इंग्लंडच्या राजाचे कारकून मोठे चिवट. कुणाला किती पैसे दिले, कशासाठी दिले, सगळं ते लॅटिन भाषेत चर्मपत्रावर लिहीत आणि त्याच्या गुंडाळ्या करून ठेवत. कित्येक गुंडाळ्या आजही लंडनच्या सरकारी दफ्तरखान्यात आहेत. त्यांत १२७८ पासून वेल्सच्या बांधकामांवर एक नाव दिसू लागतं, मास्टर जेम्स. पुढं त्याचं पूर्ण नाव येतं, "सेंट जॉर्जचा जेम्स".

हा साधा गवंडी नव्हता. १२८४ मध्ये राजानं त्याला जन्मभर रोज तीन शिलिंग द्यायचे ठरवले, आणि त्याच्यामागं त्याची बायको अँब्रोझिया राहिली तर तिला रोज दीड शिलिंग. जरा हिशेब करू. एका शिलिंगचे बारा पेनी. म्हणजे जेम्सचे रोजचे ३६ पेनी. त्या काळी बिगाऱ्याला दिवसाला साधारण दोन पेनी मिळत. अठरा बिगाऱ्यांची मजुरी एकट्या जेम्सला! पुढं १२९० ते १२९३ अशी तीन वर्षं तो हारलेखचा किल्लेदारही होता.

टेलर यांच्या आधीही अभ्यासकांनी जेम्सचं नाव नोंदवलं होतं. प्रश्न होता तो "सेंट जॉर्ज" कुठलं? सेंट जॉर्ज नावाची गावं आणि चर्चं युरोपभर पसरलेली. एवढा मोठा कारागीर १२७८ मध्ये अचानक उगवला कुठून? त्याआधी तो कुठं शिकला, कुठं कामं केली? कागद गप्प होते.

मग टेलर यांनी दगडांना विचारलं.

भिंती बोलू लागल्या

हारलेखचा किल्ला समुद्राकडे तोंड करून एका उंच कड्यावर उभा आहे. खालून वर यायला १०८ पायऱ्या. त्याच्या बुरुजांवरची परांचीची भोकं पाहिली, तर ती सरळ आडव्या ओळीत नाहीत. बुरुजाला वेल विळखा घालत वर जावा, तशी ती तिरपी तिरपी वर चढतात. म्हणजे तिथली परांची जिन्यासारखी, नव्हे, घसरगुंडीसारखी गोल फिरत वर गेली असणार. अशा चढावरून जड दगड ओढत नेणं सोपं. कॉन्वीलाही तशीच भोकं. पण इंग्लंडमधल्या गवंड्यांची ही रीत नव्हती. त्यांची भोकं आडव्या ओळीत.

आणखी एक गंमत. त्या काळात इंग्लंडमध्ये टोकदार कमानींची पद्धत होती. या किल्ल्यांवर मात्र बऱ्याच कमानी अर्ध्या वर्तुळासारख्या गोल. शौचकूपांची भिंतीबाहेर आलेली बांधणी वेगळी. हारलेखच्या दरवाजाच्या इमारतीतल्या खिडक्यांची ठेवणही वेगळी.

हस्ताक्षर पाहून बाई ओळखतात ना, ही वही कुणाची ते? तसंच हे. भिंतीवरचं "हस्ताक्षर" इंग्लंडचं नव्हतं.

मग कुठलं? टेलर यांचं लक्ष गेलं आल्प्स पर्वताकडे. तिथं सॅव्हॉय नावाचं एक राज्य होतं. त्याचा मुलूख आज फ्रान्स, स्वित्झर्लंड आणि इटली या तीन देशांत विभागला गेला आहे. एडवर्डची आजी... नाही, चुकले! एडवर्डच्या आईची आई सॅव्हॉयच्या घराण्यातली, म्हणजे आजीच, पण आईकडची. त्यामुळं सॅव्हॉयची माणसं इंग्लंडच्या दरबारात होतीच. उत्तर वेल्सचा कारभार एडवर्डनं ज्याच्याकडे दिला तो ऑटो द ग्राँसाँ आजच्या स्वित्झर्लंडमधल्या ग्राँसाँचा. हारलेखचा आधीचा एक किल्लेदारही त्याच भागातला.

आणि खुद्द एडवर्ड? तो धर्मयुद्धावरून परत येताना जून १२७३ मध्ये सॅव्हॉयच्या काउंट फिलिपच्या वाड्यावर उतरला होता. तो वाडा ज्या गावात होता त्याचं नाव ऐका: सां जॉर्ज देस्पेरांश. फ्रेंचमधलं "सां जॉर्ज" म्हणजे इंग्रजीतलं "सेंट जॉर्ज"! वेल्सपासून हजाराहून जास्त किलोमीटर दूर, फ्रान्समधल्या लिऑन शहराजवळ. या वाड्याला अष्टकोनी बुरूज होते. आणि कायर्नार्वनचे बुरूजही गोल नाहीत, कोन असलेलेच आहेत.

पण नावाला नाव जुळलं म्हणून शोध लागत नाही. तुमच्या वर्गात दोन गणेश असतीलच की! पुरावा हवा.

दोन दफ्तरं, एक माणूस

टेलर यांनी सॅव्हॉयचे किल्ले तपासले. स्वित्झर्लंडमध्ये सायों गावी एक उंच गोल बुरूज आहे. त्याच्यावर काय दिसलं असेल, सांगा पाहू? तीच विळखा घालत चढणारी तिरपी भोकं! मार्तिन्यी गावावरच्या ला बातिया किल्ल्यावर तशीच भोकं आणि हारलेखच्या धर्तीचा शौचकूप. जिनिव्हा सरोवराच्या काठी शियोंचा प्रसिद्ध किल्ला आहे, त्याच्या खिडक्या हारलेखच्या खिडक्यांशी जुळणाऱ्या.

आता उरले कागद. सॅव्हॉयच्या काउंटांचे कारकूनही कमी चिवट नव्हते. त्यांचे तेराव्या शतकातले हिशेब इटलीतल्या तुरीन शहराच्या दफ्तरखान्यात आहेत. त्यांत इव्हर्दों इथल्या किल्ल्याच्या १२६० च्या दशकातल्या कामावर दोन गवंडी भेटतात, बाप आणि लेक. बापाचं नाव मास्टर जॉन. लेकाचं नाव लॅटिनमध्ये "जॅकोबस". इंग्रजीत त्याचंच होतं "जेम्स". हा जॅकोबस पुढं सॅव्हॉयच्या बऱ्याच किल्ल्यांच्या कामांवर दिसतो. आणि १२७० च्या दशकाच्या मध्यानंतर तिथल्या हिशेबांतून तो नाहीसा होतो. तिकडे १२७८ मध्ये वेल्सच्या हिशेबांत मास्टर जेम्स उगवतो!

एका दफ्तरात माणूस मावळतो, दुसऱ्या दफ्तरात उगवतो. मध्ये खुणेला दोन्हीकडे सारखी भोकं, सारख्या कमानी, सारख्या खिडक्या. टेलर यांनी १९५० मध्ये मास्टर जेम्सवर लेख लिहून हे सगळं मांडलं. आल्प्सच्या कुशीतला गवंडी वेल्सच्या किनाऱ्यावर ओळखला गेला.

पण हात किती?

टेलर एका जेम्सवर थांबले नाहीत. हिशेबांच्या गुंडाळ्यांतून त्यांनी सगळ्या बांधकामाचाच मागोवा घेतला. इंग्लंडच्या जिल्ह्याजिल्ह्यांतून सुतार, पाथरवट, खणती करणारे मजूर हुकूम सोडून जमवले जात आणि चेस्टर शहरात गोळा होत. काहींना तर वाटेत पळून जाऊ नयेत म्हणून घोडेस्वारांच्या पहाऱ्यात आणलं होतं. म्हणजे पाहा, वेल्श माणूस तटाबाहेर नाराज आणि तट बांधणाऱ्यांतलेही कित्येक जण नाइलाजानं आलेले.

फेब्रुवारी १२९६ मध्ये मास्टर जेम्स आणि कामाचा हिशेबनीस वॉल्टर यांनी ब्यूमॅरिसहून राजाच्या खजिन्याला पाठवलेलं पत्र आजही आहे. आठवड्याला २५० पौंड लागतील, असं त्यात लिहिलंय. एवढे पैसे जातात कुठं, असं साहेबांना वाटेल हे जेम्सला पक्कं माहीत. म्हणून पुढं यादीच दिली आहे: ४०० पाथरवट आणि गवंडी, २००० बिगारी, खाणीत २०० माणसं, ३० लोहार, शिवाय सुतार. दगड आणि कोळसा आणायला १०० छकडे, ६० मोठे गाडे आणि ३० होड्या. मजुरी थकल्यामुळं माणसं टिकवणं कठीण झालंय, त्यांना खायलाच नाही, अशी तक्रार आहे. आणि शेवटी विनवणी, की देवासाठी पैसे लवकर पाठवा!

पैसे पुरेसे आले नाहीत. ब्यूमॅरिसचा किल्ला कधीच पुरा झाला नाही. त्याचे बुरूज आजही हवे तेवढे उंच नाहीत. दुहेरी तटाचा इतका नेटका किल्ला, पण डोक्यावर टोपी घालायची राहून गेली! मास्टर जेम्स १३०९ च्या सुमारास वारला.

शोध लागला, वाद उरला

टेलर १९६१ ते १९७२ या काळात सगळ्या खात्याचे मुख्य निरीक्षक होते. त्यांच्याच वेल्समधल्या कारकिर्दीत, १९५३ मध्ये, कॉन्वीचा किल्ला सरकारी देखभालीखाली आला. तिथल्या दुरुस्तीचं आणि संशोधनाचं मोठं काम त्यांनी केलं. गावाच्या तटाला टेकून नंतर उभी राहिलेली बांधकामं हलवली गेली आणि तट पुन्हा मोकळा दिसू लागला. किल्ले पाहायला येणाऱ्या साध्या माणसांसाठी त्यांनी माहितीपुस्तिकाही लिहिल्या. १९८६ मध्ये कॉन्वी, कायर्नार्वन, हारलेख आणि ब्यूमॅरिस हे चार किल्ले युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत गेले. टेलर २००२ मध्ये, वयाच्या ९१ व्या वर्षी वारले.

मग काय, कोडं सुटलं आणि पुस्तक मिटलं? मुळीच नाही! २००३ मध्ये निकोला कोल्डस्ट्रीम या अभ्यासिकेनं विचारलं, जेम्स कामाची व्यवस्था पाहत होता हे खरं, पण किल्ल्यांचे आराखडेही त्याचेच कशावरून? राजा, त्याचे सल्लागार, दुसरे मास्टर कारागीर यांचा वाटा नव्हता का? कायर्नार्वनचं काम १२९५ पासून वॉल्टर ऑफ हेरिफर्ड नावाचा दुसराच मास्टर पाहत होता. कायर्नार्वनच्या भिंतींत वेगवेगळ्या रंगांच्या दगडांचे पट्टे आहेत. टेलर यांना वाटलं, ही कॉन्स्टँटिनोपल शहराच्या तटाची नक्कल. २००४ मध्ये अॅबिगेल व्हीटली यांनी म्हटलं, एवढं लांब कशाला जायचं? खुद्द ब्रिटनमध्येच रोमन लोकांच्या पट्टेदार भिंती होत्या की! हे वाद अजून चालू आहेत.

याला तुम्ही टेलर यांची हार म्हणाल का? मला तसं वाटत नाही. त्यांच्याआधी सेंट जॉर्ज हे नकाशावर कुठं शोधायचं हेच कुणाला माहीत नव्हतं. आज जे त्यांच्याशी भांडतात, ते त्यांनीच उलगडून दिलेले हिशेब हातात घेऊन भांडतात. गणिताचं उत्तर मागच्या पानावर छापलेलं असतं, इतिहासाचं नसतं. आपण पुरावा मांडायचा आणि पुढच्यानं तो तपासायचा.

वेल्समधले हे किल्ले आज "कादू" नावाची सरकारी संस्था सांभाळते. ती १९८४ मध्ये सुरू झाली. "कादू" हा वेल्श शब्द आहे, त्याचा अर्थ "जपणं". ज्या किल्ल्यांनी वेल्श लोकांना दाबून ठेवलं, ते किल्ले आज वेल्श नावाची संस्था जपते आहे. आहे की नाही विशेष?

पुढच्या सहलीत कुठल्याही जुन्या तटाजवळ गेलात, तर आधी आपलं नाव दगडावर कोरू नका. खरं तर नंतरही कोरू नका! भिंतीजवळ जा आणि नुसतं पाहा. दगडांचे सांधे कसे बसवलेत, भोकं आहेत का, असली तर सरळ आहेत की तिरपी, कमान कुठल्या आकाराची. वहीत त्याचं चित्र काढा, तारीख घाला. राजाचं नाव पाटीवर लिहिलेलंच असतं. ज्यानं तो दगड तिथं बसवला त्याचं नाव पाटीवर नसेल. पण त्याचं हस्ताक्षर मात्र तुमच्या डोळ्यांसमोर असेल.